आत्याचे ‘हे’

माझी आत्या लाँड्री चालवते. रस्त्यावरून पायऱ्या उतरून खाली गेलं की दुकान, बारा महिने वाफेने भरलेलं. पुढे काउंटर, वर टांगलेल्या कपड्यांच्या रांगा आणि मागे वाफेची मोठी इस्त्री. काउंटरवर आत्या, इस्त्रीवर तिचे ‘हे’. गिऱ्हाइकाशी भांडायचं खातं तिचं, डाग काढायचं त्यांचं. वीसेक वर्षं हा संसार असा चाललाय, आणि त्याला संसार म्हणायला आमच्या घरात फक्त मी तयार होते.

कारण त्या दोघांनी लग्न केलेलं नाही. का, असं कोणी विचारलंच तर आत्या म्हणते, “राहून गेलं.” विषय संपला. सुरुवातीला ह्यांच्या पहिल्या लग्नाच्या घटस्फोटाची कागदपत्रं अडकली होती. ती सुटेपर्यंत दोघांना घाईच उरली नाही. ती त्यांना ‘अहो’ म्हणते, ते दिवसभर तिचा चष्मा शोधून देतात. नवरा-बायको व्हायला आणखी काय लागतं, मला खरंच माहीत नाही.

माझ्या बाबांना मात्र माहीत होतं. बाबा आत्याचे थोरले भाऊ. माणूस वाईट नाही, पण एकदा नाक मुरडलं की मुरडलं. ते ह्यांच्याशी कधी भांडले नाहीत. त्याहून वाईट म्हणजे, कधी बोललेच नाहीत. दुकानात जायचे, ह्यांच्यापासून चार पावलांवर उभे राहायचे आणि आत्याला म्हणायचे, “त्यांना विचार, माझी पँट झाली का.” आत्या मान वळवून विचारायची, “अहो, दादाची पँट झाली का?” ते म्हणायचे, “झाली.” आत्या पुन्हा इकडे वळायची, “झाली म्हणतायत.” तिघांचेही कान शाबूत असताना हा टपालखात्याचा कारभार वर्षानुवर्षं चालला. आम्हाला त्याची इतकी सवय झाली की त्याचं हसूही येईनासं झालं.

मग माझ्या भावाचं लग्न ठरलं. आत्याच्या पत्रिकेवर बाबांनी स्वतः नाव घातलं, तिचं एकटीचं. मी म्हटलं, “आणि ते?” बाबा म्हणाले, “हॉलमध्ये जागा मोजकी आहे.” त्याच मोजक्या जागेत बाबांचा दातांचा डॉक्टर सहकुटुंब येणार होता!

मी तणतणत दुकानात गेले. “तू ह्यांना घेऊनच ये. बघू दारात कोण अडवतंय!”

आत्या माझ्यावरच उखडली. “काहीतरीच काय बोलतेस? ज्याला बोलावलं नाही त्याला लग्नात घुसवायचं? की आमंत्रण मागून घ्यायचं? एवढी लाज सोडलेली नाही मी.”

“मग एकटी येशील?”

“तेही नाही.”

त्याच दिवशी तिने बाबांना फोन केला. जमणार नाही, मुलाला माझे आशीर्वाद सांग, तुमचे कपडे वेळेवर तयार ठेवते. रडारड नाही, टोमणा नाही. टोमण्याची बाबांची तयारी होती, त्याला उत्तरही त्यांनी घोकून ठेवलं असणार. या सभ्यपणापुढे ते घोकलेलं उत्तर वायाच गेलं. आत्या नसेल तर लग्नात बाबांचं सख्खं भावंड असं कोणीच उरत नव्हतं, आणि हे त्यांना बहुधा तेव्हाच कळलं. माझ्या भावाने तर जेवता जेवता सांगून टाकलं, “आत्या नाही म्हणजे अर्धं घरच नाही.”

कपडे आणायच्या निमित्ताने बाबा मला घेऊन दुकानात गेले. काउंटरपाशी बराच वेळ त्यांनी कोटाची बटणं तपासली. बटणं जागच्या जागी होती.

“एकटी आलीस तर काय बिघडतं?” शेवटी ते म्हणाले. “इतकी वर्षं येतेच आहेस ना?”

“येत होते, दादा. तुमच्याकडे जेवून घरी गेले की हे विचारायचे, कसं झालं सगळं? आणि मी यांना रंगवून सांगायचे. आता मला ते सांगायला नको वाटतं. वाईट वाटतं मला. फार वाईट वाटतं.”

बाबांनी कोट काउंटरवर ठेवला. मग खाकरून म्हणाले, “बरं. मग त्यांनाही सांग, या म्हणावं.”

“मी नाही सांगणार,” आत्या म्हणाली. “पाहुण्याला यजमानाने बोलवायचं असतं. ते बघ, तिथे उभे आहेत.”

आणि ती स्टुलावर बसली, हाताची घडी घालून. टपालखातं बंद.

मागे ह्यांनी इस्त्री बंद केली. वाफेचा फुसकारा थांबला आणि दुकान एकदम शांत झालं. ते मदतीला धावून आले नाहीत, ‘असू द्या, असू द्या’ म्हणाले नाहीत. हात पुसत नुसते उभे राहिले. तेव्हा मला ते फार आवडले.

बाबांनी तोंड उघडलं आणि मिटलं. अडचण साधी होती. या माणसाला काय म्हणायचं, हेच त्यांनी इतक्या वर्षांत ठरवलं नव्हतं. नावाने हाक मारणं शोभेना, ‘साहेब’ म्हणावं तर आत्याने हँगर फेकून मारला असता. कपाळावर घाम आला बाबांच्या.

“मेहुणे,” ते म्हणाले. मग ह्यांच्याकडे वळून पुन्हा म्हणाले, “मेहुणे, मुलाच्या लग्नाला यायचं. दोघांनी यायचं. माझं चुकलं.”

ह्यांनी क्षणभर बाबांकडे पाहिलं. “येतो की, दादा. आनंदाने येतो,” ते म्हणाले.

आत्या उठली, कपडे मोजायच्या नावाखाली रांगांमागे गेली आणि नाक शिंकरून परत आली.

लग्नात दोघं आले ते असे रुबाबात, की दारातले पाहुणे बाजूला सरकले. त्यांच्या कपड्यांवर उमटायची एका सुरकुतीला हिंमत झाली नव्हती. बाबांचा तर बांधच फुटला होता. भेटेल त्याच्यापुढे ह्यांना उभं करत होते. “हे आमचे मेहुणे.” मुलीच्या वडिलांना दोनदा सांगून झालं, दातांच्या डॉक्टरलाही सांगितलं.

आमच्या एक लांबच्या मामी आहेत, त्यांना सगळ्यांचं सगळं लागतं. त्यांनी भर हॉलमध्ये विचारलं, “मेहुणे? म्हणजे हिचं लग्न झालं? कधी झालं? आम्हाला नाही बोलावलं ते!”

आजूबाजूच्या माना वळल्या. आत्याचा चेहरा उतरला, हे एक पाऊल मागे सरले. मी काहीतरी तिखट बोलणार होते.

बाबांनी ह्यांचा हात घट्ट धरून त्यांना पुन्हा पुढे ओढलं आणि खणखणीत आवाजात म्हणाले, “मामी, मलासुद्धा नव्हतं बोलावलं. मी बसलो का रुसून? चला मेहुणे, तुम्ही दोघं माझ्या टेबलावर बसा.”