बायजाच्या चौदा ओळी

एकोणीसशे एकतीस साली माझी बदली रेवदंड्याच्या शाळेत झाली. दुसऱ्याच दिवशी लोकांनी मला बजावलं, की रावजीच्या घरापुढून जाताना खाली बघू नका मास्तर, तिथं करणी असते. असल्या गोष्टींचा मला भारी संताप येतो. म्हणून मी मुद्दाम खाली बघितलं.

रावजीच्या पायरीपुढे पांढऱ्या रांगोळीत मोडीची एक ओळ काढलेली होती. करणी कसली कपाळाची! ‘विहीर व रहाट उभयतांचा, पाण्याची पाळी एक दिवसाआड’ असं तिथं स्वच्छ लिहिलं होतं. मी वाचतोय तोवर रावजीची बायको तुळशी बाहेर आली आणि तिनं त्यावर शेणपाणी ओतलं. दुसऱ्या दिवशी तिथं दुसरी ओळ.

रांगोळी काढणारी बायजा म्हणजे रावजीच्या धाकट्या भावाची, दादूची, बायको. विधवेनं दारात रांगोळी काढायची, हीच मुळी गावाला करणी वाटायची. वाडीच्या टोकाला झोपडीत ती मुलीला, रतनला, घेऊन राहायची आणि लोकांच्या सुपाऱ्या सोलून पोट भरायची. तिच्या सासऱ्यानं मरण्याआधी आपल्या सुपारीच्या वाडीची दोन मुलांत वाटणी करून कागद लिहवून घेतला होता. घरात वाचता कुणालाच येत नव्हतं. पण दसऱ्याला कोयत्या-कुदळीबरोबर तो कागदही उघडून पाटावर मांडायचे, आणि त्याला हळदीकुंकवाचं बोट लावायचं काम धाकट्या सुनेचं. सहा दसरे तिनं लावलं. एकवीस साली दादू तापानं गेला. तेरावं झालं, आणि रावजीनं तो कागद बायजाच्या डोळ्यांदेखत चुलीत घातला. वाटणी कधी झालीच नाही म्हणाला. पंच बसले, तेव्हा देवीच्या देवळात नारळावर हात ठेवून त्यानं शपथ घेतली. बायजाकडे दाखवायला होतं काय? राखसुद्धा तुळशीनं भांडी घासायला घेतली होती.

तेव्हापासून दहा वर्षं रोज सकाळी ती त्या कागदाची एक ओळ रावजीच्या दारात काढत होती. चौदा ओळी, चौदा दिवस, की पुन्हा पहिली. एकीचाही अर्थ तिला ठाऊक नव्हता. सुरुवातीला रावजीनं तिला काठीनं बडवलं. दुसऱ्या दिवशी सुजलेल्या हातानं तिनं ओळ काढलीच. मग मात्र तो घाबरला. गावात मोडी वाचणारे चारजण होते, पण करणीवर नजर कोण टाकतो!

मी तेव्हा एका मासिकात वाचलं होतं, की काही माणसांच्या डोळ्यांत एकदा बघितलेलं पान फोटोसारखं उमटून राहतं. मला वाटलं, असं माणूस आपल्याला सापडलं. पुस्तकाचं एक पान मी तिच्यापुढे धरलं, सावकाश शंभर आकडे मोजले, पुस्तक मिटलं आणि म्हटलं, आता काढ. तिनं तीन अक्षरं काढली, त्यातलं एक चुकीचं. मी तिच्यावर असा चिडलो, जसं काही तिनंच मला फसवलं होतं.

“ह्ये पान माज्यासमोर कुनी जाळलेलं न्हाय, मास्तर,” ती म्हणाली.

मग तिनं सगळं सांगितलं. कागद जळाला त्याच दिवशी तिनं झोपडीत जमिनीवर राख पसरली आणि आठवेल ते बोटानं काढलं. पाचवी ओळ काही केल्या येईना. चार दिवस ती जेवली नाही. शेवटी तिनं पाट मांडला, हळद कालवली आणि दसऱ्याला लावायची तसं रिकाम्या पाटावर बोट टेकवत गेली. पहिल्या वर्षीचा डाग इथं, दुसऱ्या वर्षीचा त्याच्या खाली. डाग सापडले तशी त्यांच्या आजूबाजूची अक्षरं हाताला लागत गेली. विसरेन या भीतीनं मग ती रोज गिरवत राहिली. फोटोबिटो काही नव्हता. हळदीचं बोट होतं आणि रोज सकाळचा द्वेष होता.

मी तिच्याकडून शाळेच्या अंगणात सगळ्या ओळी एकाखाली एक काढून घेतल्या आणि तिला वाचून दाखवल्या. शेवटची मी दोनदा वाचली. ‘याची दुसरी प्रत थळचे भागोजी यांजपाशी ठेविली असे.’ कागद लिहिला तेव्हा रावजी मुंबईला गिरणीत होता, आणि पुजलेला कागद कुणाकडून वाचून घ्यावा असं या घरात कुणाला सुचलंच नव्हतं.

बायजानं शेवटच्या ओळीवरून बोट फिरवलं. मग हसली. “म्हंजी धा वर्सं मी त्याच्या दारात त्याचं मरान लिवत व्हती, आन् त्यो बायकूकडनं वर शेन वतवत व्हता.”

थळ गावचा भागोजी अजून जिवंत होता. डोळे गेलेले, पण मित्रानं, म्हणजे बायजाच्या सासऱ्यानं, सांभाळायला दिलेला कागद त्यानं पत्र्याच्या डब्यात जपला होता. पंच पुन्हा बसले. थळचा कागद आणि देवळापुढे काढलेली रांगोळी मी अक्षर न् अक्षर ताडून दाखवली. सहा जागी अक्षराऐवजी बायजानं नुसता गोल काढला होता. रावजी उठून ओरडला, की बघा, खोटं आहे.

“तिथं हळद व्हती,” बायजा म्हणाली.

पंचांनी थळचा कागद खरा धरला. अर्धी वाडी आणि एक दिवसाआडचं पाणी तिला मिळालं. जशा नारळावर खोटी शपथ घेतली, तसाच नारळ रावजीला सगळ्या गावासमोर देवीपुढे ठेवून नाक घासावं लागलं. संध्याकाळी तुळशी बायजाकडे आली आणि रडून म्हणाली, की आता तरी ती रांगोळी थांबव बाई.

“त्याला चौदा वळी पाठ व्हऊ देत, मंग थांबते,” बायजा म्हणाली.

दुसऱ्या सकाळी रावजीच्या दारात पहिली ओळ होती. मी तिला रागावलो. वाडी मिळाली, रतनचं लग्न आता चांगल्या घरी होईल, आणखी काय हवं? तिनं रांगोळीची वाटी उचलली आणि निघून गेली. आणखी सात वर्षं ती रोज येत राहिली. तुळशीनंही पुढे शेणपाणी ओतणं सोडून दिलं.

अडतीस साली रावजीला अर्धांगवायू झाला. त्याची वाचा गेली. मी बघायला गेलो तेव्हा तो ओटीवर पडला होता आणि उजवं बोट गोधडीवर सारखं फिरत होतं. जायची वेळ आली की माणूस असं करतं, तुळशी म्हणाली. मी वाकून बघितलं. जन्मात पेन्सिल न धरलेला तो माणूस गोधडीवर मोडी काढत होता. पहिली ओळ, मग दुसरी, मग तिसरी.

बायजा रांगोळीची वाटी घेऊन पायरीपाशी उभी होती. तीही बघत होती. चौथी ओळ झाली आणि रावजीचं बोट घुटमळलं, पुढे सरकलं, परत मागे आलं. त्यानं मान वळवून तिच्याकडे बघितलं. त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं.

“पाचवी चुकली,” बायजा म्हणाली, आणि त्याला पडल्या जागेवरून दिसेल अशी, पायरीवर पाचवी ओळ काढायला बसली.