आतला जोर

लग्न होऊन मी सुरतला आले त्याच आठवड्यात जेठांना, म्हणजे ह्यांच्या थोरल्या भावाला, जावेला मारताना मी पहिल्यांदा पाहिलं. जावेनं डब्याचं झाकण नीट लावलं नव्हतं, डाळ पिशवीत सांडली. एवढंच. मिलची बस खाली हॉर्न वाजवत होती. जेठांनी डबा उचलला आणि तिच्या तोंडावर हाणला. कड लागून भुवई फाटली. ती ओरडली नाही. एका हातानं भुवई दाबून दुसऱ्या हातानं तिनं नवा डबा भरला. आमचे हे ताटावर बसले होते, ते उठले नाहीत. मी त्यांच्याकडे पाहिलं तर त्यांनी नजर भाकरीत घातली.

आम्ही मूळचे धुळ्याकडचे. लिंबायतमध्ये वरच्या मजल्यावर दोन खोल्या होत्या. एकीत जेठ, जाऊ आणि त्यांची लहान मुलगी, दुसरीत आम्ही दोघं. माझा धाकटा दीर खोल्यांबाहेर, जिन्याच्या तोंडाशी असलेल्या ओट्यावर झोपायचा. जेठ पलसाण्याला कापड रंगवायच्या मिलमध्ये मुकादम होते. मनगटापर्यंत त्यांचे हात कधी जांभळे असायचे, कधी हिरवे. साबणानं तो रंग जात नव्हता. हे पांडेसऱ्याला मागावर. सासूसासरे गावी. घर जेठांचं होतं आणि त्यांचा हात सगळ्यांवर चालायचा, फक्त माझ्यावर नाही. धाकट्या भावाच्या बायकोला हात लावायचा नाही, एवढा एक नियम ते पाळत. मीही डोक्यावरचा पदर सोडत नव्हते, त्यांच्याशी एक शब्द बोलत नव्हते.

दीर अठराचा. उधन्याला एका व्हिडिओ गेमच्या पार्लरमध्ये कामाला होता. बटणं बदलायची, तारा जोडायच्या, भांडणारी पोरं बाहेर काढायची. तिथल्या मालकाला परदेशातून कुणीतरी हातात मावेल असा एक गेम आणून दिला होता. त्याच्या स्क्रीनवर आडवी रेघ पडली होती, म्हणून मालकानं तो दिराला देऊन टाकला. आत जनावरं पकडायचा खेळ होता. गवतातून, गुहेतून जनावर निघायचं, त्याला मारून मारून अर्धमेलं करायचं आणि मग पकडायचं. सगळी अक्षरं जपानी. दिराला एक अक्षर कळत नव्हतं, मलाही नाही. पण आकडे आपलेच होते, इंग्रजी, शाळेत शिकलेले.

दुपारी जाऊ मुलीला घेऊन झोपायची आणि दीर पार्लरमधून जेवायला यायचा. जेवता जेवता तो गेम माझ्यापुढे धरायचा. "दख वहिनी," म्हणायचा, म्हणजे बघ. अहिराणी तो फक्त घरात बोलायचा, बाहेर सगळं गुजराती.

एक दिवस तो वैतागून आला. त्यानं एकाच गुहेतून एकाच जातीचे दोन पकडले होते, दगडासारखे, दोन हात फुटलेले. दोघं एकाच लेव्हलचे. "एक तीन फटक्यात समोरच्याला लोळवतो," तो म्हणाला, "दुसऱ्याला पाच लागतात. कसाले?"

"का ते तूच सांग."

"आत काहीतरी देलं ऱ्हास. जन्मापासूनच दिलेलं. गेम ते दाखवत नाही. आपण वरचे आकडे बघायचे आणि आतलं ओळखायचं."

मी दोघांचे आकडे पाहिले. चार आकडे होते. कुठला मारायचा, कुठला सोसायचा, कुठला पळायचा, हे त्यानं लढवून लढवून ओळखलं होतं. पण त्याचा हिशेब दर वेळी चुकत होता. मी त्याला विचारलं, "हा किती दिवस लढतोय?"

"पहिल्यापासून."

"आणि हा?"

"हा कालचा."

"मग कसं जमेल? मार खाऊन आणि मार देऊन जो तयार झाला तो वेगळाच असणार. दोन्ही नवे पकड. एकदाही लढवू नको. तसेच शेजारी शेजारी बघ. तेव्हा जो फरक दिसेल तो जन्माचा."

तो जेवायचा थांबला. मग हसला. त्या दिवसापासून आमचा उद्योग सुरू झाला. तो पार्लरमध्ये बसून गुहेतून तसले दगड पकडायचा, एकाच लेव्हलचे निवडायचा आणि दुपारी घरी आणायचा. मी भांडी घासता घासता आकडे ऐकायची आणि सांगायची, हा ठेव, हा सोड. एक असा सापडला की त्याचा मारायचा आकडा बाकी सगळ्यांपेक्षा जास्त होता. तो आम्ही ठेवला. दिरानं त्याला महिनाभर रोज लढवलं. त्या लहान राखाडी पडद्यावर तो दगड समोरच्यावर आदळायचा, समोरच्याच्या जिवाची पट्टी सर्रकन खाली यायची, आणि ते जनावर खाली घसरून नाहीसं व्हायचं. मला ते बघायला आवडायचं. का ते तेव्हा मी स्वतःला विचारलं नाही. शेजारच्या खोलीत दर दोन दिवसांनी कुणाचं तरी डोकं भिंतीवर आपटायचं, आणि इथे आम्ही ठरवू तो पडायचा.

पार्लरच्या मालकाचा एक पुतण्या होता. दिराच्याच वयाचा, अंगानं दुप्पट. त्याच्याकडे तोच गेम होता, नवाकोरा. दोन गेम तारेनं जोडले की आपली जनावरं एकमेकांशी लढवता येत. पुतण्या सगळ्यांना हरवायचा आणि हरलेल्याच्या डोक्यात टपली मारायचा. टपली म्हणजे म्हणायला टपली, एका पोराच्या नाकातून रक्त आलं होतं.

एका दुपारी दिरानं तार जोडली. पुतण्याकडेही त्याच जातीचा दगड होता, आणि तो आमच्याहून पाच लेव्हल वर. पार्लरमधली सगळी पोरं भोवती जमली. आमच्या दगडानं त्याला पाडलं. पुतण्या म्हणाला, परत. परत पाडलं. पुतण्यानं ओरडून विचारलं की माझा मोठा असून पडतो कसा, तू काय लबाडी केली. आणि दिरानं त्याला खरं ते सांगितलं. त्या गेममध्ये एक गोळी मिळते, ती खाऊ घातली की लढल्याशिवाय लेव्हल वाढते. दीर म्हणाला, "तू गोळ्या चारून फुगवलाय त्याला. जन्माचाही कमी आणि लढलेलाही नाही. तारो अंदरथी पोलो छे." तुझा आतून पोकळ आहे.

पोरं हसली. ती हसली नसती तर कदाचित काही झालं नसतं.

पुतण्यानं आणि त्याच्या दोन मित्रांनी दिराला पार्लरच्या मागे गटाराशी नेलं. एकानं हात धरले, एकानं पाय. पुतण्यानं सायकलची चेन हाताला गुंडाळली. हे सगळं मला नंतर दिरानंच सांगितलं, तुकड्यातुकड्यानं, बऱ्याच वर्षांत. चेन आधी पाठीवर पडली, मग मांड्यांवर, आणि त्यानं तोंड वळवलं तेव्हा कानावर. पुतण्या प्रत्येक फटक्याला विचारत होता, "बोल, कोण पोलो छे?"

तो घरी आला तेव्हा मी ओट्यावर तांदूळ निवडत होते. तो जिना चढत होता तो भिंत धरून. शर्ट पाठीला चिकटला होता. डाव्या कानातून रक्त येऊन मानेवर वाळलं होतं. गेम मात्र मुठीत होता. मी त्याला धरलं तर पुतण्यानं मारलं हे तो ओरडून सांगायला लागला, कारण त्याला स्वतःचाच आवाज येत नव्हता.

जावेनं पाणी तापवलं. या घरात मारानंतर पाणी तापवायचं काम तिचं होतं, ते ती न सांगता करायची. आम्ही शर्ट कात्रीनं कापला. खाली चेनच्या कड्या जशाच्या तशा उमटल्या होत्या, ओळीनं.

तेवढ्यात जेठ आले. त्या दिवशी मिलमध्ये बॉयलर बिघडला होता म्हणून लवकर सुटले होते, आणि वाटेत कुठेतरी पिऊन आले होते. गुजरातमध्ये दारू बंद, पण कडोदऱ्याच्या रस्त्यावर पिशवीतली मिळायची. ते दारातच थांबले. मला वाटलं आता ते खाली उतरतील, पार्लरवर जातील. चार जणांना घेऊन जातील. सख्ख्या भावाचं रक्त बघून माणूस दुसरं काय करेल?

त्यांनी विचारलं, "कोणी मारलं?"

दिराला ऐकू आलं नाही. मी पदराआडून जावेला सांगितलं, जावेनं त्यांना सांगितलं. पार्लरवाल्याच्या पुतण्यानं.

"आणि तू मार खाऊन आलास," जेठ म्हणाले. "माझा भाऊ असून. खेळण्यापायी." त्यांनी त्याच्या मुठीतून गेम ओढून घेतला आणि खिडकीतून खाली फेकला. मग त्याच्या त्याच कानावर थप्पड मारली.

दीर पाण्याच्या पातेल्यावर पडला. गरम पाणी त्याच्या हातावर सांडलं, त्याच्या तोंडून जो आवाज निघाला तो माणसाचा नव्हता. जेठांनी पट्टा काढला. चेनच्या वळांवर पट्टा बसायला लागला. जाऊ भिंतीशी मुलीचं तोंड आपल्या पोटात दाबून उभी होती.

आमच्याकडे कपडे धोपटायला मागाचा एक मोडका लाकडी दांडा होता, ह्यांनी कारखान्यातून आणलेला. वर्षानुवर्षं तेल पिऊन लोखंडासारखा झालेला. तो मोरीत असायचा. मी तो आणला. डोक्यावरचा पदर पडला तो मी परत घेतला नाही.

"सोडा त्याला," मी म्हणाले. जेठांशी बोललेला माझा तो पहिला शब्द.

त्यांनी मागे पाहिलं. ते हसले असावेत असं मला वाटतं, नक्की सांगता येत नाही. त्यांनी परत पट्टा उगारला आणि मी दांडा त्यांच्या हातावर घातला, कोपराच्या खाली. हाड मोडल्याचा आवाज ओल्या लाकडासारखा येतो. ते गुडघ्यावर बसले. मी थांबले नाही. खांद्यावर मारलं, पाठीवर मारलं, मग पुन्हा त्याच हातावर. त्यांचा जांभळा पंजा उलटा वळला होता. ते "अगं, अगं" म्हणत होते, आणि मला एवढंच आठवतं की माझे हात दुखत नव्हते.

मग माझे केस मागून कुणीतरी ओढले. जाऊ. तिनं मला खाली पाडलं, माझ्या छातीवर बसली आणि माझ्या गालाला चावली. चावली म्हणजे मांसात दात रुतवले. "मन्हा नवराले मारस," ती ओरडत होती, माझ्या नवऱ्याला मारतेस. तिचा आवाज एवढा मोठा असू शकतो हे मला तेव्हा कळलं. इतकी वर्षं मार खाताना तिनं तो कधी काढला नव्हता. मी दांडा तिच्यावर उचलला नाही. दिरानं भाजलेल्या हातांनी तिला माझ्यावरून काढलं.

खालून घरमालक धावत आला. म्हातारा गुजराती माणूस, धापा टाकत दारात उभा राहिला. "शुं थयुं, बेन?"

जेठ भिंतीला टेकून बसले होते. त्यांनी तोंड वर केलं आणि म्हणाले, "दादर परथी पडी गयो." जिन्यावरून पडलो. घरमालकानं रक्त पाहिलं, माझा गाल पाहिला, दांडा पाहिला. रिक्षा बोलवायला गेला.

संध्याकाळी हे आले. ओट्यावरच थांबले. जेठ दवाखान्यातून हात गळ्यात अडकवून आले होते. ते ह्यांना म्हणाले, "तिला माहेरी टाकून ये, नाहीतर तूही नीघ."

मी गालाला हळद लावून बसले होते. हे बराच वेळ चपला घालूनच उभे होते. मग आत आले, आमची पेटी उचलली, खाली नेऊन ठेवली, आणि परत वर येऊन दिराच्या काखेत हात घातला. "चल," म्हणाले. मोठ्या भावाकडे त्यांनी पाहिलं नाही. खाली रस्त्यावर आल्यावर मात्र ते पेटीवरच बसून राहिले, रिक्षावाल्याला पत्ता मलाच सांगावा लागला.

आम्ही कडोदऱ्याला ह्यांच्या एका सोबत्याच्या खोलीत राहिलो आणि मग तिथेच स्थिरावलो. दिराचा डावा कान गेला तो गेलाच. तो परत त्या पार्लरमध्ये गेला नाही. पुढे बारडोलीला रेडिओ-टीव्ही दुरुस्तीच्या दुकानात लागला, आता मोबाईल दुरुस्त करतो. त्याची मुलं फोनवर तसलेच खेळ खेळतात, आणि आता म्हणे जनावराचा आतला आकडा सरळ पडद्यावर दिसतो. तो उजवा कान पुढे करून त्यांचं ऐकतो.

जेठांचा हात वाकडाच बसला. मुकादमी गेली, रखवालदारी मिळाली. त्यानंतर ते जावेला मारत होते की नाही, हे मला कळायला मार्ग नव्हता. लोक सांगायचे, डाव्या हातानं मारतात. कुणी सांगायचे, नाही मारत.

बऱ्याच वर्षांनी नवापूरला एका लग्नात जाऊ भेटली. पंगतीत ती वाढत होती. माझ्यापुढे आली, थांबली. माझ्या गालावर अजून तिच्या दातांची अर्धगोल खूण आहे, तिकडे तिनं पाहिलं.

"थंडीमा त्यास्ना हात दुखस," ती म्हणाली. थंडीत त्यांचा हात दुखतो.

"दुखू दे," मी म्हणाले.

तिनं माझ्या पानात दोन पुऱ्या वाढल्या आणि पुढच्या पानाकडे गेली.