सिनेमा खरखरला आणि आत्या बोलू लागली

मंडळी, दोन तास झाले तरी अजून अंगावर काटा आहे!

आज दुपारी नालवाडीच्या वाचनालयात एक जुना हिंदी प्रेमपट दाखवला. सिनेमा नुकताच बोलायला शिकला होता तेव्हाचा, म्हणजे अर्धा मुका, अर्धा बोलका. आमच्या सुमनआत्याला पंधरा वर्षांपासून ऐकू येत नाही. अर्ध्यापर्यंत तर आपण सारखेच, असं म्हणून मी तिला ओढून नेलं.

अर्ध्यावर नायक बोलू लागला, सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. पण आवाज कसला, नुसती खरखर! नायिका रडत होती आणि काऊन रडते ते कोणालाच कळेना. लोक चुळबुळ करू लागले. सिनेमा लावणारे दादा बंद करायला उठले.

आत्या ओरडली, "राहू द्या ना भाऊ! तो तिले म्हणून राह्यला, मी उद्या जातो, माही वाट नको पाहू."

त्या काळी शूटिंगला माईक एकाच जागी लपवलेला असायचा. नट हलायचे नाहीत, एकेक शब्द सावकाश बोलायचे. ओठ वाचणाऱ्या आत्याला आणखी काय पाहिजे! ती सांगत गेली, अख्खा हॉल ऐकत राहिला.

शेवटी नायक परत आला आणि आत्या गप्प. मी तिचा हात हलवला, "काय म्हटलं त्यानं?"

"काई नाई म्हटलं. कायले म्हणन? आला ना!"

इतकी वर्षं तिला काय कळणार म्हणून मी तिचं तिकीटच काढलं नव्हतं. तुमच्या घरी कोणाचं राहिलंय?