धावड्याच्या बँडचा पहिला ठोका

छापलेली बातमी चार दिवसांत रद्दीत जाते. न छापलेली बातमीदाराच्या डोक्यात साचत राहते. धावडा गावच्या बँडच्या अशा बऱ्याच साचल्या आहेत माझ्याकडे.

*

ऐंशीच्या दशकात बँडमास्तर उत्तमरावांच्या मेहुण्यानं मुंबईहून एक कॅसेट आणली. अमेरिकेतल्या काळ्या लोकांचं फंक नावाचं नाचाचं संगीत. ढोलवाल्या कचरूनं ती आठवडाभर ऐकली आणि निकाल दिला, "हे लोक पहिल्या ठोक्यावर घर बांधतात. बाकीचे ठोके तिथं भाडेकरू!"

तेव्हापासून त्याचा ढोल पहिल्या ठोक्याला दणकून पडायचा आणि पुढं बरीच जागा मोकळी सोडायचा.

*

मी यावर पेपरला लेख दिला. गुलामांच्या वंशजांनी चर्चमधली गाणी, ब्लूज आणि जॅझ यांतून हे घडवलं. हिंदी सिनेमातल्या कितीतरी नाचगाण्यांचा ठेका त्यावर उभा आहे. आणि आता ते आपल्या वरातीत वाजतं. उपसंपादकानं विचारलं, "अमेरिकेतले काळे आणि धावड्याचा बँड, संबंध काय?"

"दोघांनाही वाजवायला पुढच्या दारानं बोलावतात आणि जेवायला मागच्या."

लेखाच्या जागी सरकीच्या भावाची बातमी आली.

*

जाफराबादला एकदा या ठेक्यावर अख्खी वरात जागच्या जागी नाचत राहिली. मुहूर्त टळला. मुलीचा मामा कचरूच्या अंगावर धावून गेला. कचरू शांतपणे म्हणाला, "आम्ही कुठं थांबा म्हणलं? तुमच्याच पाव्हण्यांचे पाय पुढं सरकून न्हाई राह्यले."

*

उत्तमरावांच्या मुलाचं लग्न. मुलीच्या गावाचं नाव लिहीत नाही. तशी गावं बरीच आहेत. तिथल्या मारुतीसमोरून याच बँडनं वीस वर्षं पाटलांच्या पोरांच्या वराती वाजवत नेल्या होत्या. पण बँडवाले बौद्ध, आणि आज नवरदेव त्यांचाच. व्याही हात जोडून म्हणाले, मागच्या गल्लीनं या. उत्तमराव न्हाई म्हणाले.

पारावरून पाटलांनी बजावलं, "उत्तम, देवळापुढं वाजवायचं न्हाई."

उत्तमरावांनी हात वर केला. बँड बंद. कचरूनं टिपऱ्या कमरेला खोचल्या.

मग सगळ्या वऱ्हाडाचा उजवा पाय एकदम जमिनीवर आला. धप्प! तीन ठोके शांतता. पुन्हा धप्प! पारावरची माणसं उठून उभी राहिली.

पाटील ओरडले, "उत्तम, काय सांगितलं होतं मी?"

"वाजवू नका म्हणले होते, पाटील. आम्ही कुठं वाजवलं? चालून राह्यलो."