शब्द कोणाला दिला होता?

वकिलाच्या ऑफिसात किस्से गोळा करावे लागत नाहीत. कोपऱ्यात लोकांच्या विसरलेल्या छत्र्या साठतात, तसे ते आपसूक साठतात. न्यायला परत कुणी येत नाही. त्यात मला एका जागी फार वेळ बसवत नाही, म्हणून काही किस्से शहापूरला पडलेत, काही मुरबाडला. दोन्हीकडे कोर्ट, मधे किन्हवलीचा रस्ता आणि माझी स्कूटी.

यातले निम्मे किस्से एकाच शब्दावरचे आहेत. कराराच्या कायद्यात अगदी सुरुवातीलाच येतो: वचनग्राही. शब्द देतो तो वचनदाता आणि ज्याला दिला तो वचनग्राही. कॉलेजात सरांनी दोन ओळींत उरकला होता. परीक्षेतही आला नाही! इथे आल्यापासून मात्र रोज त्याच्याशीच गाठ आहे. "शब्द दिला होता" असं सगळेच सांगतात. "कोणाला?" असं विचारलं की घोळ सुरू.

आमचे कारकून बबनराव म्हणतात, "मॅडम, शब्द देनारा लगेच कळतो. तो तोंड चुकवत फिरत असतो. घेनारे मात्र धा निघतात."

*

खर्डीकडचे एक गृहस्थ आले. आल्या आल्या म्हणाले, "नोटीस काढायची हाय."

"कोणाला?"

"देवीला."

बबनरावांचं पेन थांबलं. प्रकार असा होता की, मुलाला कंपनीत नोकरी लागली तर बोकड देईन, असा नवस यांनी बोलला होता. नोकरी लागली. बोकड घ्यायच्या आत सुटलीसुद्धा! आता यांचं म्हणणं, नोकरी टिकली नाही तर बोकड कशाला द्यायचा?

मला मुरबाडची तारीख होती, पाय एकसारखा हलत होता. घाईघाईत सांगून टाकलं, "काका, ज्याला शब्द दिला त्याला तो माफ करायचा अधिकार असतो. कायदाच आहे. तुम्ही जाऊन देवीलाच विचारा."

पुढच्या आठवड्यात बाजारच्या दिवशी पुन्हा हजर. भगताकडून देवीला कौल लावला होता. फूल उजवीकडे पडलं होतं. मी म्हटलं, "मग झालं की! सुटलात."

"देवीनं सोडलाय हो," ते म्हणाले, "भगत नाय सोडत!"

*

हा किस्सा मी बबनरावांना तिसऱ्यांदा सांगून हसत होते, तेव्हाच प्राजक्ता ऑफिसात आली. किन्हवलीची मुलगी. वर्षापूर्वी मुरबाडच्या बाजूला एका गावात दिलेली. तिच्या लग्नाची सुपारी फुटली तेव्हा सासऱ्यांनी भर बैठकीत शब्द दिला होता, की पोरीला नर्सिंगला घालू. आता ठाण्याच्या कॉलेजात तिचा नंबर लागला होता. सोमवारी हजर व्हायचं, नाहीतर सीट दुसरीला जाणार. आणि सासरे नाही म्हणत होते.

"शब्द दिला होता ना?" मी विचारलं.

"मामाला दिला होता."

आमच्याकडे सुपारीच्या बैठकीत मामाचा मान मोठा. तिला वडील नाहीत, त्यामुळे पुढे बसून सगळं मामानंच ठरवलेलं. मग जत्रेला सासऱ्यांनी मामाला आग्रहानं बोलावलं, मटण वाढलं, आणि पान लावता लावता म्हणाले, पाव्हनं, औंदा भाताला मानसं नाय मिळत, पोरीचं शिक्षन राहू दे काय? मामानंही ढेकर देऊन सांगितलं, "र्‍हाऊ द्या हो! पोर सुखात हाय ना, बास झालं."

"म्हणजे मामांनी शब्द सोडून दिला," मी म्हणाले.

"हां. शब्द मामाला, मटन मामाला," प्राजक्ता म्हणाली, "न् भात कापायला मी!"

हसू आलं आणि लगेच रागही आला. कारण कायदा तिच्या बाजूनं बोलत नव्हता. शब्द मामाला दिला, म्हणून वचनग्राही मामा. सोडायचा अधिकारही त्याचाच. ज्या मुलीसाठी दिला, ती बैठक चालू असताना आत चहा गाळत होती! आणि घरातल्या असल्या शब्दाला कोर्ट तसंही हात लावत नाही. हे सगळं तिला सांगताना मी टेबलाभोवती दोन फेऱ्या मारल्या.

ती शांतपणे म्हणाली, "कोर्टात नाय जायचं मला. सोमवारी कॉलेजात जायचंय."

*

मामाला फोन लावला. म्हटलं, मामा, तुम्ही सोडलेला शब्द परत धरा. एकदा सासऱ्यांना सांगा, की मी चुकलो.

मामा माणूस गोड. प्राजक्तावर जीवही आहे त्याचा. पण म्हणाला, "मॅडम, मी भर पंगतीत बोललोय. आता परत फिरवायचं म्हंजे खाल्लेलं मटन काढून द्यायचं काय?"

"भाचीचं वर्ष जाईल, मामा."

"फुडल्या वर्षी बघू ना."

"पुढच्या वर्षी भात नसतं?"

यावर मामाच्या फोनची रेंज गेली. मामा होता घरी, शहापूरच्या मेन रोडवर, आणि तिथे रेंज कधी जात नाही! बबनराव म्हणाले, "रेंज मामाची गेली, मोबाइलची नाय."

*

असाच एक घोळ पावसाळ्यात झाला होता. आमच्याकडे लावणीला एकमेकांच्या शेतावर जायची सावड असते. आज सगळे तुझ्याकडे, उद्या सगळे माझ्याकडे. एका पॉवर टिलरवाल्यानं शेजारच्या घराला शब्द दिला, की चिखलणीला पहिला तुमच्याकडे येतो. मधल्या काळात त्या घरातले दोन भाऊ वेगळे झाले. आता दोघंही म्हणत, शब्द मला दिला होता.

सकाळी सकाळी दोघं टिलरवाल्याच्या शेतावर जाऊन भांडायला लागले. तो बांधावर बसून म्हणाला, "मी घराला शब्द दिला. घर कंचं ते तुमी ठरवा."

दोघं चिखलात उभे. हात मोकळे ठेवून चिखलात उभं राहणं आपल्या शेतकऱ्याला जमत नाही. भांडता भांडता एकानं रोपांची मूठ उचलली. ते पाहून दुसऱ्यानंही उचलली. मग एकानं बायकोला हाक मारली, दुसऱ्यानंही मारली.

दुपारी दोघं भाऊ माझ्याकडे आले ते वेगवेगळ्या रिक्षांनी. मी विचारलं, "मग लावणी कोणाची झाली?"

दोघं पहिल्यांदा एका सुरात बोलले, "टिलरवाल्याची!"

*

उंबरमाळीच्या वरच्या अंगाला एक पाडा आहे. निवडणुकीत एका उमेदवारानं तिथे येऊन रस्त्याचा शब्द दिला. निवडून आल्यावर पाड्यावरची माणसं आठवण करून द्यायला गेली, तर म्हणाला, "मी गावाला शब्द दिला होता. गावात रस्ता झाला ना? तुमचा पाडा वेगळा."

त्यांच्यातल्या एका आजीनं मला हे येऊन सांगितलं. मी विचारलं, "मग तुम्ही काय बोललात?"

"मी इचारला त्याला, मत देताना आमी गाव व्हतो ना रे? मंग पाडा कवा झालो?"

"त्यानं काय उत्तर दिलं?"

"काय नाय. हात जोडलान. तो मत मागतानाबी जोडतो, न् हाकलतानाबी जोडतो."

*

मुरबाडच्या बाररूममध्ये मी प्राजक्ताची गोष्ट सांगितली. शनिवार होता, कोर्टाला सुट्टी. तरी तिघं-चौघं वकील चहाला जमले होते. मला बसवेना, उभ्यानंच सांगत होते. एक म्हणाला, केस नाही यात. दुसरा म्हणाला, असलीच तर मामाची आहे, आणि मामा पलटलाय.

आमच्यातले सर्वात वयस्कर वकील कप खाली ठेवून म्हणाले, "तुम्ही एवढ्या का अस्वस्थ? फी किती ठरलीय?"

"फी नाही ठरली."

"मग तिला शब्द काय दिलाय?"

मी आठवून सांगितलं. ऑफिसातून ती निघताना मी म्हटलं होतं, बघते मी. एवढंच.

"अहो, मग तुम्हीच अडकलात की!" ते म्हणाले.

चहा तसाच ठेवला आणि निघाले. उद्या रविवार, परवा सोमवार.

*

रविवारी प्राजक्ताच्या सासरी गेले. चहाला आले म्हणून सांगितलं. ओटीवर सासरे, काशिनाथबाबा, खुर्ची ओढून बसवायला आले. माणूस अगदी रीतभात जाणणारा. शेजारी मुलगा, म्हणजे प्राजक्ताचा नवरा, आदल्या रात्री कंपनीची सेकंड शिफ्ट करून आलेला. त्याला विचारलं, "तुझं काय म्हणणं?" तो छपराकडे बघत म्हणाला, "बाबा सांगतील तसं."

बाबांचं सांगणं सरळ होतं. हळवं, म्हणजे लवकर पिकणारं, भात कापणीला आलंय, मजूर मिळत नाही, बायकोचे गुडघे गेलेत. आणि मुख्य म्हणजे, "मामांनी सोडलं ना! ज्याला शब्द दिला त्यानंच सोडला. आता तुमी कोन मधी?"

माझा कायदा हा माणूस मलाच शिकवत होता, आणि बरोबर शिकवत होता! मी खुर्चीतून उठले, पुन्हा बसले. म्हटलं, मामाला देताना तो शब्द प्राजक्तासाठीच होता ना? त्यांनी मान डोलावली, पण हलले नाहीत. दाराआड प्राजक्ता उभी होती. तिनं बॅग भरून ठेवली होती हे मला माहीत होतं. त्यांना नव्हतं.

"असं बगा वकीलबाय," ते म्हणाले, "समजा मामा उद्या मेला असता. मंग शब्द कुठं गेला असता? मेल्या मानसाला दिलेला शब्द कोन पाळतो?"

मी वैतागून म्हणाले, "मेला म्हणून शब्द संपत नाही, बाबा. तो वारसाला जातो."

आत भाकरी थापायचा आवाज चालला होता, तो थांबला.

"वकीलबाय," सासूबाईंनी आतूनच विचारलं, "वारस म्हंजे लेक पन काय?"

"लेकसुद्धा."

"लगीन झालेली?"

"हो. लग्न झालेलीसुद्धा."

कोर्टात हे कितपत टिकलं असतं ते माझं मला माहीत. पण सासूबाई, अनशीबाय, पिठाचे हात पदराला पुसत ओटीवर आल्या. गुडघ्यावर हात ठेवून हळूहळू खाली बसल्या, नवऱ्याच्या अगदी समोर.

"माज्या सुपारीत तुमी माज्या बापाला काय बोललेले?"

"मला काय आठवतंय आता?"

"मला आठवतंय. दर वर्साला गणपतीला लेकीला माहेरी धाडू. बाप मरेपर्यंत दाराशी वाट बगत बसायचा. तुमी येकदा धाडलंत. तवाबी दुसऱ्या दिवशी न्यायला आलात, का तर म्हशीला पान्हा सुटत नाय."

"अगो, पन ते आता कशाला?"

"बाप गेला. आता तो शब्द माजा. वकीलबाय बोलली." त्यांनी माझ्याकडे पाहिलंही नाही. "साठलेले सगले गणपती मी उद्यापासून घेते. भाऊ हाय, वैनी हाय. गणपती संपले का येते."

काशिनाथबाबा हसायला गेले, पण हसू काही धड आलं नाही. "न् संपतील कवा?"

"आमच्यात पाच दिसांचा असतो. लगीन कवा झालं ते तुमाला म्हायत हाय. गुनाकार तुमीच करा."

मुलगा आता छपराकडे न बघता आईकडे बघत होता. मी आयुष्यात पहिल्यांदा इतका वेळ एका जागी बसले असेन.

"भाकरी कोन करनार?" बाबांनी हळूच विचारलं.

"मामाला बोलवा."

दाराआडून प्राजक्ताचा दबलेला आवाज आला. हसली की रडली, कळलं नाही.

मग अनशीबायचा आवाज खाली आला. "नायतर असं करा. ज्याचा शब्द त्याला सोडता येतो ना? मी माजे सोडते. सगले. येक पन मागनार नाय कदी. पोरीचा तेवढा पाळा."

काशिनाथबाबा समोर शेतात उभ्या भाताकडे बघत राहिले. बायकोकडे एकदा पाहिलं, आणि पाहिलं न पाहिलंसं करून मान वळवली. मग मुलाला म्हणाले,

"रे, गाडीत ठाण्यापर्यंत पेट्रोल हाय काय बग."