लिफ्टवाल्या काकांचा ज्वालामुखी

अख्ख्या दुबईला वर चढवून स्वतः जन्मभर जिन्याने जाणारा माणूस जगात एकच झाला, आणि तो आमच्या डोक्यावर राहत होता. जुमेरा लेक टॉवर्समध्ये आम्ही बाविसाव्या मजल्यावर आणि हे काका तेविसाव्या. मूळचे राजापूरचे. मुंबईत लिफ्टच्या कारखान्यात उमेदवारी केलेली, आणि इथे एका लिफ्ट कंपनीत सर्व्हिस मॅनेजर. कामासाठी ते लिफ्टच्या वर चढत, खाली शिरत, तिच्या पोटात हात घालत. पण घरी जाण्यासाठी तिच्यात पाऊल ठेवणं त्यांना पटत नसे. एकदा मी कारण विचारलं तर म्हणाले, "मंजिरी, जिलबीवाल्याला कधी स्वतःची जिलबी खाताना बघितलंयस?" काकू मात्र बिचाऱ्या गुडघेदुखीच्या. त्या भाजीच्या पिशव्या घेऊन लिफ्टने वर जात, कपडे बदलत, चहा टाकत, आणि चहा उकळेस्तोवर काका दारात उभे राहत. लग्नाला तीस वर्षं होऊनही हे जोडपं त्या बिल्डिंगमध्ये एकदाही एकत्र घरी पोचलं नसेल.

काकांच्या पाठीवर कायम एक सॅक असे आणि सॅकमध्ये बासमतीचं पोतं. हा म्हणे सराव. आता दुबईत उंची म्हणून जे काही आहे ते सगळं सिमेंटचं, तेव्हा सराव तरी दुसरा कुठे करणार? एका शुक्रवारी काकूंनी आम्हाला जेवायला बोलावलं होतं. आमटी झाली, भाजी झाली, कोशिंबीर झाली आणि भाताचा पत्ता नाही. काकूंनी शांतपणे फोन लावला, ऐकला, ठेवला आणि आम्हाला म्हणाल्या, "तांदूळ पंधराव्यावर पोचलाय. पापड भाजायला घेते." आणखी एकदा बिल्डिंगमध्ये आगीची घंटा वाजली. ती खोटीच निघाली, पण सगळे टॉवेलवर, नाइटीवर, पोरांना काखेत मारून जिन्याने खाली धावत सुटले. त्या लोंढ्यातून उलट्या दिशेने काका आपले एका लयीत वर येत होते. प्रत्येकाला वाट देत होते आणि "सावकाश, सावकाश, कठड्याला धरा" म्हणत होते.

आम्ही इथले सगळे दिरहमचे रुपये करून जीव जाळतो. काका सगळ्याचे मजले करत. सिंहगड किती मजले, कोलेस्टेरॉल किती मजले, काकूंचा राग आज कुठल्या मजल्यावर. आमच्या सईला गणितात कमी मार्क पडले तर तिला विचारत, "काय, कुठे अडकली लिफ्ट?" ती म्हणे, "Kaka, I'm on the second floor only!" आणि मग तिला पाठीशी घालून मलाच दटावत, "अगं, वर जाणारी लिफ्ट दुसऱ्यावर थांबतेच. कुणीतरी आत येत असतं."

हा सराव होता एका ज्वालामुखीसाठी. काकांना आयुष्यात एकदा ज्वालामुखीच्या तोंडात वाकून बघायचं होतं. कारण तेही लिफ्टवाल्याचंच. त्यांच्या मते ज्वालामुखी म्हणजे निसर्गाने बसवलेली पहिली लिफ्ट. "खाली मोटर, मध्ये विहिरीसारखा शाफ्ट, वर दार. आमच्या धंद्याचं हे मूळ पीठ बघ!" मात्र चालू ज्वालामुखी नको. ज्याच्या सर्व्हिसिंगची खात्री नाही अशा शाफ्टपाशी ते जात नसत. म्हणून त्यांनी फार शोध घेऊन आर्मेनियातला अरागात्स निवडला होता. कित्येक हजार वर्षांपूर्वी विझलेला, उंची भरपूर, आणि गाइड घेतला तर त्याचं दक्षिणेकडचं शिखर सकाळी चढून संध्याकाळी परत येता येतं.

आणि मग ती मंदी आली. त्या वर्षी दुबईत सगळंच खाली यायला लागलं. भाडी, पगार, भाव, आणि माणसं तर बॅगा घेऊनच. काकांच्या कंपनीत नव्या लिफ्टची कामं थांबली, पण दुरुस्ती चालू राहिली. "मंदीतसुद्धा लोक अडकतातच," ते म्हणायचे. माझा नवरा हेमंत आर्किटेक्ट. त्याचं अख्खं ऑफिसच एका दुपारी खलास झालं. मी शाळेत शिक्षिका, त्यामुळे त्याचा व्हिसा माझ्या नावावर आला, आणि त्या पानावर नोकरी करण्यास परवानगी नाही असा शिक्काही आला. हेमंतने ते पान एकदा वाचलं, पासपोर्ट कपाटात ठेवला आणि तो सोफ्यावर जाऊन बसला. तिथेच. सकाळी मी शाळेत जाताना तो तिथे, परत येताना तिथे. अर्ज करणं थांबलं, दाढी करणं थांबलं, मग बोलणंही थांबलं. लोकांना वाटे मला पैशाची धास्ती आहे. पैशाचं कसंही निभलं असतं. मला धास्ती होती त्या सोफ्याची. हा माणूस पुन्हा उठतोय की नाही, एवढाच प्रश्न मी पोळ्या लाटताना स्वतःला विचारत असे.

एका सकाळी बेल वाजली. दारात काका, घामाघूम, पाठीवर सॅक आणि हातात दुसरी सॅक. आत न येताच त्यांनी सोफ्याच्या दिशेने आवाज दिला, "हेमंतराव, तांदूळ मी घेतलाय. डाळ कोण घेणार?"

मला इतका राग आला! घरात काय चाललंय आणि या माणसाला डाळ-तांदूळ सुचतायत. पण वडीलधाऱ्या माणसाला नाही म्हणायची हेमंतला सवय नव्हती. तो उठला, आणि तुरडाळीची सॅक पाठीला लावून दारात उभा राहिला.

"सध्या कुठल्या मजल्यावर?" काकांनी विचारलं.

हेमंतने सॅकचा पट्टा ओढून घट्ट केला. "पार्किंग."

"वरचं की खालचं?"

"खालचं."

"बरं. मग तिथूनच सुरू करू." आणि त्याला घेऊन ते खरोखरच तळघरातल्या खालच्या पार्किंगमध्ये गेले आणि तिथून चढायला लागले.

हे रोज चाललं. काका ऑफिसच्या आधी यायचे, तोच प्रश्न विचारायचे, आणि हेमंतचं उत्तरही तेच. एवढा एक शब्द सोडला तर तो दिवसभर गप्पच. मी काकांना म्हटलं, "काका, पाय चालतायत, पण माणूस काही बोलत नाही हो." ते म्हणाले, "जिन्यात कोण बोलतं? दम लागतो." मीही मग त्यांच्यात सामील झाले, चण्याची सॅक घेऊन. पुढच्या उन्हाळ्यात काकांनी जाहीर केलं की आपण अरागात्सला जायचं. मी दिरहमचे रुपये मोठ्याने करायला लागले तर त्यांनी दोन्ही कानांवर हात ठेवले. सईला काकूंकडे ठेवलं आणि आम्ही तिघं विमानात बसलो.

आमची गाइड अनाहित, पन्नाशीची, लाल गालांची बाई. गाडी चालवायला आणि खाण्याची पिशवी उचलायला तिचा नवरा. काका हेमंतच्या कानात म्हणाले, "बघा, बायको साहेब आणि नवरा ड्रायव्हर. गडी किती खुशीत आहे!" हेमंत हसला. कित्येक महिन्यांनी मी त्याचे दात पाहिले. गाडी एका तळ्यापर्यंत जाते, तिथून चालायचं. निघण्यापूर्वी काकांनी त्या बाईला तिच्याच डोंगरावर सुरक्षिततेची माहिती दिली. घाई करू नये, ठरल्यापेक्षा जास्त वजन घेऊ नये, आणि दाराला टेकून उभं राहू नये. हे शेवटचं त्यांच्या तोंडून सवयीने गेलं. ती गंभीरपणे "ओके, ओके" म्हणाली.

आणि मग आमची फजिती सुरू झाली. वर्षभर जिन्यात सराव केलेले आम्ही तिघं, दहा पावलं चढलो की डावीकडे वळायचो. जिना तिथे वळतो ना! पुन्हा दहा पावलं, पुन्हा वळण. शिवाय काकांचा उजवा हात तिथे नसलेला कठडा शोधायचा. समोर सरळ पायवाट, आणि त्यावर एकामागोमाग वळणारी ही तीन माणसं. अनाहितने कमरेवर हात ठेवले. "रोड इज स्ट्रेट! वाय यू टर्न?" काका म्हणाले, "मॅडम, धिस इज दुबई स्टाइल." पण पुढे सुट्या दगडांचा उभा चढ लागला, सरळ जावं तर पाय घसरायला लागले, आणि तिथे तीच ओरडली, "नाऊ गुड! टर्न! टर्न!" काकांच्या चेहऱ्यावरचा तो विजय मी विसरणार नाही. "यल्ला, चला हेमंतराव, सतरावा आला!"

पुढे मात्र ते बोलेनासे झाले. बर्फाच्या एका पट्ट्यापाशी ते एका दगडावर बसले, डोकं गच्च धरलं, आणि पोटातलं सगळं बाहेर आलं. ओठ निळसर दिसत होते. जिने कितीही चढा, तिथल्या विरळ हवेचा सराव दुबईत कुठून व्हायचा! अनाहितने त्यांच्या डोळ्यांत बघितलं आणि ठामपणे सांगितलं, "डाउन. नाऊ." काकांनी हुज्जत घातली नाही, तेच मला जास्त लागलं. फक्त वर बघून म्हणाले, "मंजिरी, शाफ्ट इथेच तर आहे गं. तीस-चाळीस मजले राहिले असतील." आणि त्यांचे डोळे भरले.

तेव्हा आमच्या मागून आवाज आला, "काका, मी बघून येतो. आल्यावर सगळं सांगतो तुम्हाला." हेमंत! तांदूळ त्याने काकांच्या पाठीवरून काढून घेतला होता. हो, तांदूळ आर्मेनियालाही आला होता. मी आणि अनाहितचा नवरा काकांना धरून सावकाश खाली उतरलो, आणि हेमंत तिच्याबरोबर वर गेला. मी मागे वळून बघितलं तर तो दहा पावलांवर वळत वळत बारीक होत चालला होता.

तळ्याकाठी आल्यावर काकांना हळूहळू बरं वाटलं. तासामागून तास गेले. मग तो आला, नाक उन्हाने लाल झालेलं, आणि पाणी प्यायच्या आधीच बोलायला लागला. "काका, शाफ्टमध्ये फुलं आहेत! पिवळी, सगळीकडे! कडेला बर्फ, आणि तळाशी हिरवळ, आणि मध्येच एक ओढा."

काका उठून बसले. "भिंती सरळ की तिरक्या?"

"तिरक्या. एका बाजूने भिंत पार फुटलीय, तिथून पाणी बाहेर जातं."

"बाजूला फुटलीय? दाखवा बघू."

हेमंतने अनाहितकडून पेन्सिल मागून घेतली. भाकरी गुंडाळलेला तपकिरी कागद त्याने गुडघ्यावर पसरला आणि काढायला लागला, एक छेद, एक नकाशा, चारही शिखरं, पाणी कुठून येतं, कुठे जातं. काढत होता आणि बोलत होता. काका मध्येच अडवून प्रश्न विचारत होते, हा खोडून पुन्हा काढत होता. ज्या माणसाकडून वर्षभर मला एका वेळी एक शब्द मिळत होता, तो अर्धा-पाऊण तास थांबला नाही. मी तळ्याकडे तोंड करून मनसोक्त रडून घेतलं. अनाहितने न विचारता माझ्या हातात कॉफी ठेवली.

परत आल्यावर लगेच नोकरी लागली असं काही नाही. पण सोफा रिकामा झाला. हेमंत जेवणाच्या टेबलाशी बसून काढायला लागला, लोकांना भेटायला लागला, आणि यथावकाश अबुधाबीत काम लागून आम्ही अल रीम आयलंडवर राहायला गेलो. काका-काकू राजापूरला परतले. घर बैठं, कौलारू. चढायचं म्हटलं तर ओटीच्या तीन पायऱ्या. त्या ओटीवर तो तपकिरी कागद काचेत लावलाय, आणि काकू सांगतात की येणाऱ्या प्रत्येकाला काका त्यावर बोट ठेवून शाफ्ट समजावतात, जणू काही स्वतः आत उतरून आलेत. आता त्यांचेही गुडघे गेले. डॉक्टरांनी त्या तीन पायऱ्यासुद्धा बेताने चढायला सांगितल्यात.

शुक्रवारी सकाळी हेमंत त्यांना फोन करतो. हल्ली प्रश्न तो विचारतो. "काका, सध्या कुठल्या मजल्यावर?"

"मी त्या दगडावरच बसलोय हो," पलीकडून आवाज येतो. "तुम्ही वर जाऊन आलात ना? काय काय दिसलं ते सांगा."

मग हेमंत सांगत बसतो, आठवडाभरात काय काढलं, काय उभं राहिलं, सई काय म्हणाली. पोहे गार होतात. होऊ देत गार.