सावली शिवणाऱ्या कौसाताई

कौसाताई गेल्याचा फोन जसोंडीहून आला तेव्हा मी यांना पेज भरवत होते. फोन ठेवला आणि माझी नजर आधी वर गेली, यांच्या खाटेवर टांगलेल्या सावलीकडे. रडू नंतर आलं. कौसाताईंच्या, म्हणजे माझ्या नणंदेच्या हातची ती सावली जागच्या जागी होती, गार आणि कडुनिंबाच्या वासाची. पण आमच्याकडे सांगतात, शिवणारा हात गेला की टाके उसवतात. आमचे हे लकव्याने अंथरुणाला खिळलेले, खोली पत्र्याची, बऱ्हाणपूरचा चैत्र सरत आलेला... आता यांचं कसं होणार, एवढंच मनात आलं.

बाहेरगावच्या वाचकांसाठी सांगते. झाडाची सावली कापायची, शिवायची आणि जिथे झाड नाही तिथे टांगून द्यायची, हा तापीकाठचा जुना धंदा. ताई तो सासूकडून शिकल्या आणि सासूच्याही पुढे गेल्या. ऊन कोवळं असतं तेव्हा सावली लांब आणि मऊ असते, तेव्हाच कात्री लावायची. दुपारची सावली आखडलेली असते, कापली तर चुरते. झाडाला विचारल्याशिवाय हात लावायचा नाही, आणि घ्यायची ती पट्टीच. नवी पालवी आली की तेवढी भरून येते. केळीची सावली इथे हवी तेवढी मिळते, पण ती वाऱ्याने चिरफाळते, म्हणून ताई तिला हातही लावत नसत. खकनारकडे कापूस वेचणाऱ्या बायका बांधावर तीन काठ्यांच्या तिकाटण्याला झोळी बांधून कामाला लागतात, आसपास झाड नसतं. त्या झोळ्यांवर ताईंच्या जांभळीच्या सावल्या असायच्या. आतली लेकरं अशी निवांत झोपायची की आयांनाच मध्येमध्ये जाऊन बघावं लागे.

बाई मात्र तोंडाची फटकळ. धूलकोटच्या एका वधूपित्याला मांडवावर चिंचेचीच सावली हवी होती, फोटोत दाट दिसते म्हणून. ताई म्हणाल्या, “चिंचीखाली झोप येते दादा, पोरालेबी समजते.” तो म्हणाला, “अहो बाई, शादी आहे, सोएगा कौन?” टांगली. वऱ्हाड जेवणाआधीच आडवं झालं, भटजी मंगलाष्टकांच्या मध्यावर पेंगले, नवरा-नवरी हार हातात धरून उभ्या उभ्या डुलायला लागले. शेवटी ताईंनीच शिडी मागवून सावली उतरवली. “मुहूर्त तं गेला दादा, आता झोप काढून घ्या,” असं वर त्यालाच सुनावलं. ही गोष्ट सांगताना त्या इतक्या हसत की शेवट आम्हालाच पुरा करावा लागे.

यांना लकवा झाला तो काही वर्षांपूर्वी, ऐन वैशाखात. कागद कारखान्यातून निवृत्त होऊन हे नुकते घरी आले होते. वीज गेली की कूलर बंद, पत्रा तापायचा आणि यांचा जीव कासावीस व्हायचा. दवाखान्यातून घरी आणलं तेव्हा ताई आल्या, भावाच्या कपाळाला हात लावला आणि मला म्हणाल्या, “काहून रडतेस व माय? मी हाये ना.” पट्टीने भागणार नव्हतं. त्यांनी स्वतःच्या अंगणातल्या कडुनिंबाची सगळी सावली बुडापासून कापली. मुळासकट घेतलेली सावली झाडाला पुन्हा येत नाही, हे त्यांच्याइतकं कोणाला माहीत? त्यानंतर ते झाड हिरवंगार उभं असायचं आणि खाली रखरखीत ऊन... आणि त्याच उन्हात, डोक्यावर ओला पंचा घेऊन, ताई लोकांसाठी सावल्या शिवत बसायच्या. मी भांडले. तर म्हणाल्या, “भाऊले लागते. मी काय, रापलेलीच हाये.” एवढं मोठं मन मी दुसरं पाहिलं नाही.

तेरावं झालं आणि एका दुपारी सावलीचा कोपरा लोंबला. मी टाचणी लावायला धावले, पण टाके एकेक करून सुटत गेले. सावली भिंतीवरून उतरली, उंबऱ्यापाशी जरा थांबली आणि निघून गेली. हे खाटेवरून सगळं बघत होते. संध्याकाळी जसोंडीहून ताईंच्या हाताखाली शिकलेल्या दोघींचा फोन आला. निंबाखाली सावली परत आली होती. “मामी, उद्या पुन्हा कापून आणून देतो,” त्या म्हणाल्या. मी हो म्हणणार, तेवढ्यात यांनी चांगला हात उचलून मला थांबवलं. यांना एकेक शब्द जुळवावा लागतो. “नाही... राहू दे... तिथंच.”

म्हणून आम्हीच जसोंडीला आलो. हा लेख ताईंच्या अंगणात, निंबाखाली बसून लिहिते आहे. या सावलीच्या कडेने उन्हाचे बारीक ठिपके एका ओळीत पडतात, ताईंच्या सुईची भोकं. टाके गेले, ती राहिली. हे खाटेवरून हात लोंबवून त्यांवर बोटं फिरवतात. दुपार कलते तशी ठिपक्यांची ओळ अंगणात सरकत जाते, आणि आम्ही खाट तिच्या मागे सरकवत नेतो.